कुकरमधली पिशवी

(बचतगटातील आणि घरकाम करणाऱ्या मैत्रिणींच्या शिबिरात केलेल्या भाषणाचा हा मजकूर. बोलण्याची भाषा तशीच ठेवली आहे.)

काल कार्यक्रमपत्रिका वाचून दाखवली तेव्हा मागच्या रांगेत कुणीतरी हसलं. मी ऐकलं. पहिलं सत्र पोटगीचं, दुसरं शेताच्या सातबाऱ्यावर बाईचं नाव लावण्याचं, आणि तिसरं काय, तर 'स्वयंपाकघरातलं प्लॅस्टिक'! हसणाऱ्या मैत्रिणीवर माझा राग नाही. दहा वर्षांपूर्वी मीही हसले असते. आपण बायका स्वयंपाकघरातून बाहेर पडायला इथं येतो, आणि ही बाई आपल्याला परत ओट्यापाशी नेऊन उभी करते, असं वाटणं साहजिक आहे.

पण मी ओट्यापाशी नेणार आहे ती पाककृती सांगायला नाही. माझ्या हातून एक चूक झाली. तिची किंमत माझ्या मैत्रिणीनं चुकवली. ती गोष्ट आधी सांगते, मग बाकीचं.

२०१६ चा उन्हाळा. लातूर. तुमच्यातल्या मराठवाड्यातल्या बायांना काही सांगायला नको. मार्चमध्ये पाण्याच्या टाक्यांभोवती जमावबंदी लावावी लागली होती आणि एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेनं पाणी आणलं. पेपरात त्या गाडीचे फोटो आले. आमच्या गल्लीत टँकर आठवड्यातून एकदा यायचा, आणि तोही कधी रात्री दोनला.

आम्ही पाचजणी मिळून पोळीभाजी केंद्र चालवत होतो. रोजचे चाळीस डबे. विद्यार्थी, दुकानात काम करणारी मुलं, दोन-चार म्हातारी माणसं. डबे बंद करणं आम्हाला परवडणारं नव्हतं, कारण पाचही घरांची चूल त्यावर होती. स्वयंपाकाला पाणी लागतं ते लागतंच. पण हिशेब मांडला तेव्हा लक्षात आलं, की त्याहून जास्त पाणी भांडी घासायला जातं. डाळीचे डबे, भाताचे डबे, रश्श्याचं पातेलं. तळाशी लागलेलं काढायचं म्हणजे दोन-दोन वेळा विसळणं आलं.

तेव्हा मला युक्ती सुचली. माझ्या नणंदेची मुलगी अमेरिकेत असते. तिच्याकडे विजेच्या मंद आचेच्या भांड्यात एक पातळ पिशवी अंथरतात, त्यातच अन्न शिजतं, आणि जेवण झालं की पिशवी उचलून टाकतात, भांडं कोरडंच्या कोरडं. हे तिनं सुट्टीत आली तेव्हा सांगितलं होतं. मी म्हटलं, मग आपण का नाही? बाजारातून पातळ पिशव्यांचा गठ्ठा आणला. कुकरच्या डब्यात पिशवी अंथरायची, त्यात डाळ आणि पाणी, वरून डब्याच्या काठावर पिशवी दुमडायची. डाळ शिजली की पिशवीसकट पातेल्यात ओतायची. डबा धुवायला नको. दिवसाला तीन-चार बादल्या वाचल्या. सगळ्याजणींनी माझं कौतुक केलं.

आठ दिवस काही झालं नाही. पिशवी सुरकुतायची. डाळीला कधी कधी वेगळाच वास यायचा, तो आम्ही फोडणीत झाकला. नवव्या दिवशी कुकर ठेवला आणि शिट्टीच होईना. माझी मैत्रीण, जिचा हात आमच्यात सगळ्यात चांगला, ती बघायला पुढे झाली. तेवढ्यात सेफ्टी व्हॉल्व्ह उडाला. वाफ आणि उकळती डाळ तिच्या उजव्या हातावर आणि मानेवर आली.

नंतर झाकण उलटं करून बघितलं तेव्हा कळलं. पिशवीचा काठ वाफेनं फुगून वर आला होता, वितळून फाटला होता, आणि त्याचा तुकडा शिट्टीच्या नळीत आतून चिकटून बसला होता. वाफेला वाटच राहिली नव्हती. व्हॉल्व्ह उडाला म्हणून निभावलं. तो आधीच खराब असता तर झाकणच उडालं असतं.

आता पुढचं ऐका. भाजल्यावर काय करायचं, हे आपण प्रत्येक शिबिरात शिकतो. भाजलेली जागा वीस मिनिटं वाहत्या साध्या पाण्याखाली धरायची. हळद नाही, टूथपेस्ट नाही, तूप नाही. आम्हाला पाठ होतं. आणि घरात पाणी होतं दीड हंडा. ते प्यायचं पाणी आम्ही वाटीवाटीनं तिच्या हातावर ओतलं, खाली परात धरली, परातीतलं पुन्हा ओतलं. शेजारणींनी आपापल्या घागरी आणल्या. एक शेजारीण घागर ओतताना रडत होती. मैत्रिणीसाठी रडत होती की पाण्यासाठी, मला अजून सांगता येत नाही. दोन्हींसाठी असेल.

दवाखान्यात आम्हाला ऐकायला मिळालं, "प्लॅस्टिक कुणी शिजवतं का? बायकांना एवढी अक्कल नसते?" मैत्रिणीचा नवरा म्हणाला, "हिला कुणी सांगितलं होतं धंदा करायला?" पाणी का नव्हतं, हे कुणीही विचारलं नाही. अक्कल मात्र सगळ्यांनी विचारली.

त्या अकलेबद्दलच आज बोलायचं आहे. मला राग आला होता, पण एक गोष्ट खरी होती. प्लॅस्टिकबद्दल मला काही माहीत नव्हतं. मी ते शिकायचं ठरवलं. शाळेत विज्ञान शिकवणाऱ्या एका ताईंकडे जाऊन बसले, पुस्तकं वाचून घेतली. जे समजलं ते तुम्हाला सांगते.

पहिली गोष्ट. प्लॅस्टिक हा एक पदार्थ नाही. 'धान्य' म्हटलं तर त्यात बाजरीही आली आणि भातही आला, तसं आहे. आपल्या पातळ पिशव्या आणि दुधाच्या पिशव्या पॉलिथिनच्या असतात. मऊ पॉलिथिन साधारण ११० अंशांच्या आसपास वितळतं, कडक, कडकड वाजणारं पॉलिथिन १३० च्या आसपास. पण वितळण्याच्या बऱ्याच आधी ते ढिलं पडतं. उघड्या पातेल्यात पाणी १०० अंशांवर उकळतं. कुकरमध्ये दाब असतो म्हणून तिथं १२० अंशांपर्यंत जातं, म्हणूनच डाळ लवकर शिजते. म्हणजे कुकरमध्ये पिशवी घालणं हे तिला वितळायला ठेवणंच आहे. आणि तळणीचं तेल १७० ते १९० अंश असतं. गरम तेलाचा झारा प्लॅस्टिकच्या डब्यावर टेकवला तर खड्डा का पडतो, ते आता कळलं असेल.

डब्यांचं जे जाड, थोडं दुधी प्लॅस्टिक असतं, ते बहुधा पॉलिप्रॉपिलीन. ते १६० च्या पुढे वितळतं. पाण्याच्या आणि सरबताच्या पारदर्शक बाटल्या पेटच्या असतात. त्या उकळत्या पाण्यानं वितळत नाहीत, पण ७०-८० अंशांतच आकसतात. म्हणून त्यात गरम पाणी भरायचं नाही. डब्याच्या बुडाला बाणांच्या त्रिकोणात आकडा असतो. १ म्हणजे पेट, २ आणि ४ म्हणजे पॉलिथिन, ५ म्हणजे पॉलिप्रॉपिलीन, ६ म्हणजे थर्माकोलच्या जातीचं. घरी गेल्यावर आपले डबे उलटे करून बघा.

दुसरी गोष्ट. अमेरिकेतल्या त्या पिशव्या मुळात वेगळ्या असतात. ओव्हनच्या पिशव्या आणि भांड्यात अंथरायची अस्तरं नायलॉनची किंवा पॉलिस्टरची असतात, आणि उष्णता सोसण्यासाठीच बनवलेली असतात. ओव्हनची पिशवी साधारण २०० अंशांपर्यंत चालते. तिलाही नियम आहेत. आत चमचाभर पीठ भुरभुरायचं, वरच्या बाजूला चिरा पाडायच्या म्हणजे वाफ कोंडत नाही, आणि पिशवी ओव्हनच्या भिंतीला किंवा तापलेल्या कॉइलला लागू द्यायची नाही. आपल्याकडच्या छोट्या ओटीजीत कॉइल अगदी जवळ असते, म्हणून तिथं ती पिशवी वापरायचीच नाही. मंद आचेच्या भांड्यातलं अस्तर चालतं, कारण तिथं अन्न उकळीच्या आसपासच राहतं आणि दाब नसतो. तरी तेही गरम अन्नानं भरलेलं उचलायचं नाही. अन्न आधी डावानं काढायचं, अस्तर निवल्यावर टाकायचं. आणि यातलं काहीही प्रेशर कुकरमध्ये घालायचं नाही. नुसतं शिजवण्याची पिशवी म्हणून भागत नाही, कोणत्या भांड्यात शिजवण्याची हे वाचावं लागतं.

एअर फ्रायरमध्ये अंथरायचे कागदही आता बाजारात आलेत. कामाला जाणाऱ्या मैत्रिणींनी लक्षात ठेवावं. रिकाम्या भांड्यात कागद ठेवून ते तापवायचं नाही. आतल्या वाऱ्यानं कागद उडतो, कॉइलला लागतो आणि पेटतो. कागदावर पदार्थाचं वजन हवं.

तिसरी गोष्ट आम्हाला सगळ्यात उशिरा समजली. प्लॅस्टिक वितळलं नाही म्हणजे सगळं ठीक, असं नाही. त्यातली रसायनं थोडी थोडी अन्नात उतरतात. अन्न जितकं गरम, तेलकट किंवा आंबट, आणि जितका वेळ ते आत राहील, तितकी जास्त. म्हणून थंड भाकरी पिशवीत बांधणं आणि उकळता रस्सा त्याच पिशवीत ओतणं यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. आपल्या देशातल्या अन्नसुरक्षेच्या २०१८ च्या नियमांत वेष्टनातून किलोभर अन्नात जास्तीत जास्त ६० मिलिग्रॅम इतकंच उतरावं, अशी मर्यादा आहे. हा नियम अन्नासाठी बनवलेल्या वेष्टनांचा आहे. गठ्ठ्यातून आणलेली पिशवी कशाची, कुणी बनवली, त्यात कुठला भंगार माल मिसळला, याचा तिच्यावर काही पत्ता नसतो.

बिस्फेनॉल ए नावाचं एक रसायन कडक, पारदर्शक प्लॅस्टिकमध्ये असायचं. लहान मुलांच्या दुधाच्या बाटल्याही त्याच्या असत. युरोपात २०११ मध्ये त्या बाटल्या बंद झाल्या, आपल्याकडे २०१५ च्या मानकात त्या प्लॅस्टिकला मनाई आली. २०२३ मध्ये युरोपच्या अन्नसुरक्षा संस्थेनं या रसायनाची सुरक्षित मानलेली मर्यादा २० हजार पटींनी खाली आणली. विचार करा, आधीची मर्यादा सुरक्षित समजून किती आयांनी त्या बाटल्या उकळल्या असतील! तेव्हाही आईनं काही चूक केली नव्हती. तिला सांगितलंच गेलं नव्हतं.

प्लॅस्टिकचे सूक्ष्म कणही सुटतात. खरगपूरच्या आयआयटीत कागदी कप तपासले. त्यांना आतून प्लॅस्टिकचा पातळ थर असतो. १०० मिलिलिटर गरम पाणी पंधरा मिनिटं ठेवलं, तर साधारण २५ हजार सूक्ष्म कण त्यात उतरले. हे कण शरीरात किती बिघाड करतात याचा अभ्यास चालू आहे. म्हणून घाबरून जाऊ नका. पण ज्या कणांचा आपल्याला काही उपयोग नाही, ते मुद्दाम पोटात कशाला घालायचे?

आणि ते जाड पिशवीचं. २०२२ च्या अखेरपासून पिशवी १२० मायक्रॉनपेक्षा पातळ नको असा नियम आहे. काही बाया मला म्हणाल्या, "ही जाड आहे, हिच्यात चालतं." नाही चालत. जाडीचा नियम कचऱ्यासाठी आहे, पिशवी गोळा करता यावी म्हणून. जाड मेण आणि पातळ मेण एकाच तापमानाला वितळतं. तसंच पेला आणि काट्याचं चित्र असलं तर अन्न ठेवायला चालतं एवढंच समजायचं, तापवायला चालतं असं नाही. 'मायक्रोवेव्ह सेफ' म्हणजे भांडं वाकणार नाही. अन्नात काही उतरणारच नाही, अशी ती हमी नव्हे.

आता कुणी म्हणेल, जुनं ते सोनं. आजीच्या हातचं आठवा. कोकणात, गोव्यात पातोळ्या हळदीच्या पानात उकडतात, पानगे केळीच्या पानात भाजतात, इडलीला ओलं फडकं अंथरतात. खरं आहे. २०२५ च्या फेब्रुवारीत कर्नाटक सरकारनं हॉटेलांत इडली उकडताना प्लॅस्टिक अंथरायला बंदी केली, तेव्हा सगळ्यांना फडकं आठवलं. पण मैत्रिणींनो, फडकं कोण धुतं? शंभर इडल्यांची फडकी चिकट होतात, ती उकळून, घासून, वाळत घालावी लागतात. हॉटेलवाल्यानं प्लॅस्टिक अंथरलं ते धुण्याची मजुरी वाचवायला. मी अंथरलं ते पाणी वाचवायला. आजीच्या पद्धतीचं कौतुक करणाऱ्यांनी आजीच्या पाठीचा विचार केला पाहिजे. नाहीतर प्लॅस्टिक गेलं आणि बाईचं काम दुप्पट झालं, एवढाच त्याचा अर्थ होईल.

म्हणून माझं म्हणणं असं, की 'सुरक्षित स्वयंपाक' ही बाईच्या एकटीच्या अकलेवर सोडायची गोष्ट नाही. तिच्यामागे तीन प्रश्न उभे आहेत. पाणी कुठं आहे? भांडी कोण घासतं? आणि विकणाऱ्यानं काय सांगितलं?

आमच्या केंद्रात आम्ही काय बदललं ते सांगते, कारण नुसतं भाषण ऐकून कुणाचं पोट भरत नाही. डाळ, भात रात्री भिजत घालतो, मग तळाला कमी लागतं. डब्यांना तेलाचं बोट फिरवतो. भांडी रिकामी झाल्याबरोबर त्यात भाताची पेज किंवा भाजी धुतलेलं पाणी घालून ठेवतो, मग घासायला निम्मं पाणी पुरतं. गिऱ्हाईकांनी डबा स्वतः विसळून द्यायचा, हा नियम केला. सुरुवातीला विद्यार्थी कुरकुरले. "आमच्या घरी आई करते," म्हणाले. आम्ही म्हटलं, तिलाही विचारा एकदा. आज सगळे विसळून देतात.

आता तुम्ही घरी लगेच करू शकाल अशा गोष्टी. कुकरमध्ये प्लॅस्टिकची पिशवी, झाकण, डबा काहीही घालू नका. कुकर लावण्यापूर्वी शिट्टीची नळी उजेडाकडे धरून बघा, आरपार दिसली पाहिजे. शिट्टी झाली नाही तर आधी गॅस बंद करा, जवळ जाऊन हलवू नका, झाकणाला हात लावू नका, आपोआप निवू द्या. मायक्रोवेव्हमध्ये काचेच्या किंवा चिनी मातीच्या भांड्यात तापवा. पिशवीत आलेलं पार्सल घरी आल्याबरोबर स्टीलच्या भांड्यात काढा. तूप, लोणचं काचेत किंवा बरणीत ठेवा. चरे पडलेला, पांढुरका झालेला प्लॅस्टिकचा डबा अन्नासाठी वापरू नका, त्यात शिवणाचं सामान ठेवा.

घरकाम करणाऱ्या मैत्रिणींसाठी एक वेगळी गोष्ट. उरलेली गरम भाजी, आमटी पिशवीत बांधून हातात देतात. आपण ती घेतो, लेकरांना घालतो. "ताई, मी डबा आणते, त्यात द्या," एवढं म्हणायला शिका. ज्यांच्या घरी त्या काम करतात त्या मैत्रिणीही इथं बसल्या आहेत. तुमच्या लेकराला जे चालत नाही, ते तिच्या लेकराला कसं चालेल?

आणि मिळून मागायच्या गोष्टी. बचतगटांना, पोषण आहार शिजवणाऱ्या बायांना, खानावळींना ओट्यापाशी नळ आणि पुरेसं पाणी मिळालं पाहिजे. शिजवण्याच्या पिशव्या आणि अस्तरं विकणाऱ्यांनी कशात चालतं आणि कशात नाही हे मराठीत, वाचता येईल अशा मोठ्या अक्षरांत छापलं पाहिजे. ज्यांना वाचता येत नाही त्यांच्यासाठी चित्र काढलं पाहिजे. कुकरवर फुली, एवढं चित्र तरी.

माझ्या मैत्रिणीबद्दल विचाराल. हात बरा झाला, पण मनगटाची कातडी ओढल्यासारखी राहिली आहे. पोळ्या लाटायला आता ती बसत नाही, हिशेब बघते, आणि गटात नवीन बाई आली की कुकर कसा तपासायचा ते तीच शिकवते. मी तिची माफी मागितली होती. ती म्हणाली, "माफी नको मागू. युक्ती तुझी होती, पण पिशवी तर आपण पाचहीजणींनी अंथरली." आज इथं येण्यापूर्वी मी तिला विचारलं, तुझी गोष्ट सांगू का? ती म्हणाली, "गोष्ट सांग. नाव सांगू नको. आणि दीड हंडा पाण्याचं नक्की सांग, ते लोक विसरतात."

म्हणून सांगितलं.

आता मागच्या रांगेतली जी मैत्रीण काल हसली, तिनं पहिला प्रश्न विचारावा अशी माझी विनंती आहे.